आईचा उजवा हात म्हणे १८ टक्केच गेला

आईचा_धाकटा · २ ऑगस्ट २०२५, रात्री १०:४०

नमस्कार मंडळी. इतकी वर्षं नुसता वाचत आलो, धागा पहिल्यांदाच काढतोय. लांबलं तर सांभाळून घ्या.

आम्ही इंदूरचे, राजेंद्रनगरात राहतो. आई (वय ५२) गेली चौदा वर्षं घरून डबे देते. कोचिंगला आलेली मुलं, दोन-तीन एकटी राहणारी आजी-आजोबा मंडळी, शिवाय होळीला पुरणपोळ्या आणि दिवाळीला चकली-अनारसे. १७ फेब्रुवारीला सकाळी सहाच्या सुमारास तिला स्कूटरवर मागे बसवून चोइथराम मंडीत भाजीला नेत होतो. मंडीच्या थोडं अलीकडे कांद्याची पोती भरलेली लोडिंग गाडी (छोटा हाथी म्हणतो ना आपण, ती) चुकीच्या बाजूनं आली आणि आम्हाला घासून गेली. मला नुसतं खरचटलं. आई उजव्या हातावर पडली. मनगटाजवळचं हाड तीन ठिकाणी मोडलं. ऑपरेशन झालं, आत प्लेट आणि सात स्क्रू आहेत.

गाडीचा नंबर मिळाला, ड्रायव्हर पळाला नाही, रिपोर्ट थान्यात (पोलीस ठाण्यात) चार दिवसांनी लिहिला कारण त्याआधी हॉस्पिटलमधून हलताच येत नव्हतं. चालान (पोलिसांचं आरोपपत्र) पेश झालं आहे. परवा सरकारी मेडिकल बोर्डानं सर्टिफिकेट दिलं: उजवा हात, १८ टक्के कायमचं अपंगत्व.

गाडीमालकाचा मेहुणा दोनदा घरी येऊन गेला. साठ हजार घ्या आणि राजीनामा करून टाका म्हणतो. ऑफिसातले लोक म्हणतात, १८ टक्क्याला कोर्टात तरी काय मिळणार, घेऊन मोकळे व्हा.

पण गेल्या आठवड्यातली गोष्ट सांगतो. आईनं लोणच्याची बरणी उघडायला घेतली. झाकण फिरेना. तिनं बरणी मांडीत धरली, डाव्या हातानं प्रयत्न केला, मग काही न बोलता ती माझ्यासमोर ठेवून आत निघून गेली. जिनं रोज साठ-सत्तर पोळ्यांची कणीक तिंबली, तिला हा १८ चा आकडा कसा समजावून सांगू?

शेवपरमल · २ ऑगस्ट, रात्री ११:०५

भिया, साठ हजार अजिबात घेऊ नका. मी २०१६ साली ऐंशी हजारांत मिटवलं होतं, पायाचं. तेव्हा फार वाटले होते. दोन वर्षांनी रॉड काढायचं ऑपरेशन निघालं, त्यातच सगळे गेले. आता पावसाळा लागला की गुडघा मला हवामान खात्याच्या आधी बातमी देतो.

पुणेरी_वकील · २ ऑगस्ट, रात्री ११:३२

एक शंका. 'राजीनामा करा' म्हणजे? राजीनाम्याचा इथे काय संबंध? आई नोकरी करत नाहीत ना?

शेवपरमल · २ ऑगस्ट, रात्री ११:३५

😂 साहेब, आमच्या एमपीच्या कोर्टात राजीनामा म्हणजे तडजोड. इथे रोज शेकडो राजीनामे होतात आणि कुणाचीच नोकरी जात नाही.

रीडर_निवृत्त · ३ ऑगस्ट, सकाळी ७:१०

इंदूर जिल्हा कोर्टात तीस वर्षं रीडर होतो, त्यातली नऊ क्लेम ट्रिब्यूनलमध्ये (अपघाताची भरपाई ठरवणारं कोर्ट). वकील नाही, पण न्यायाधीशांच्या खाली बसून एवढ्या फायली हातांखालून गेल्यात की काही गोष्टी पाठ आहेत.

सगळ्यात आधी तारीख. मोटार वाहन कायद्यात २०१९ साली दुरुस्ती झाली आणि १ एप्रिल २०२२ पासून क्लेम अर्जाला पुन्हा सहा महिन्यांची मुदत लागली. तुमचे सहा महिने १७ ऑगस्टला भरतात. तो रविवार. १६ ला जन्माष्टमी, १५ ला स्वातंत्र्यदिन. म्हणजे मुदतीच्या आतला शेवटचा कामाचा दिवस १४ तारीख, तेवढंच धरून चाला. बाकी चर्चा नंतर करू, उद्या सोमवारी वकील गाठा.

दुसरं, मेहुण्याच्या कुठल्याही कागदावर सही नको. फौजदारी केस वेगळी, क्लेम वेगळा. पण 'आमचं सर्व नुकसान भरून पावलो' असं एखादं वाक्य स्टँपपेपरवर गेलं की ते प्रतिपरीक्षणात (उलटतपासणीत) समोर येतंच.

पुणेरी_वकील · ३ ऑगस्ट, सकाळी ९:२०

राजीनाम्याचं समजलं, धन्यवाद.

मुदतीबद्दल साहेब बरोबर आहेत. त्या सहा महिन्यांच्या कलमाला सुप्रीम कोर्टात आव्हान दिलेलं आहे, पण त्या भरवशावर राहू नये. कलम १६६ चा अर्ज, म्हणजे हाच पूर्ण भरपाईचा क्लेम, अपघात झाला तिथे, तुम्ही राहता तिथे किंवा समोरचा पक्ष राहतो तिथे करता येतो. तुमचं सगळं इंदुरातच असल्यानं तो प्रश्न नाही. वाचणाऱ्या इतरांसाठी सांगतो, धुळ्याजवळ अपघात झालेल्या इंदूरकराला धुळ्याला खेटे घालावे लागत नाहीत.

कलम १६४ पण ऐकून ठेवा. चूक कोणाची हे सिद्ध न करता मृत्यूला ५ लाख आणि गंभीर दुखापतीला अडीच लाख अशी ती ठरावीक रक्कम आहे. सोपी वाटते. पण ती स्वीकारली की १६६ चा अर्ज संपतो. 'आत्ता हे घेऊ, मग ते बघू' असं इथे चालत नाही.

सर्व्हेअर_जुना · ३ ऑगस्ट, सकाळी ११:४८

मी विमा कंपनीच्या बाजूनं आयुष्य काढलं आहे, त्यामुळे थोडं कडू बोलतो. कंपनीकडे येणारा प्रत्येक क्लेम खरा नसतो. अपघातानंतर भलतीच गाडी 'बसवलेल्या' केसेस मी स्वतः पाहिल्यात, उत्तर प्रदेशात तर खोट्या क्लेमच्या चौकशीला एसआयटी (विशेष तपास पथक) बसली. त्यामुळे कंपनीचा वकील तुमच्यावर संशय घेईल. तो मनाला लावून घेऊ नका, तो त्याच्या कामाचाच भाग आहे.

तुमच्या केसमध्ये तो काय काय काढेल ते आत्ताच सांगतो: रिपोर्ट चार दिवस उशिरा का, आईला हेल्मेट नव्हतं, स्कूटरवाल्याचीच, म्हणजे तुमची चूक, लोडिंगच्या ड्रायव्हरकडे साधं एलएमव्ही (हलक्या गाडीचं) लायसन्स, मालवाहूचं नाही, उत्पन्नाचा पुरावा शून्य, आणि १८ टक्के एका हाताचे, म्हणजे पूर्ण शरीराचे ९.

आईचा_धाकटा · ३ ऑगस्ट, दुपारी १:१५

साहेब, तुम्हाला आमच्या घरात कुणी बसवलं होतं का? ड्रायव्हरचं लायसन्स खरंच एलएमव्हीचं आहे. हेल्मेटही नव्हतं, आईला नाही, ते मी मान्य करतो. उत्पन्नाचा पुरावा म्हणाल तर आईनं आयुष्यात आयटी रिटर्न भरलेलं नाही. एक वही आहे फक्त.

आणि एक. ओळखीचे वकील म्हणाले, चूक दोन्ही गाड्यांची निघाली तर तुमच्या स्कूटरच्या कंपनीलाही पार्टी करू, म्हणजे तुम्हालाही अनावेदक (ज्यांच्याविरुद्ध दावा ते) करावं लागेल. हे आईच्या कानावर गेलं. ती म्हणाली, "मी माझ्या लेकावर केस करू? हात गेला तो गेला, डोकं अजून आहे माझं."

शेवपरमल · ३ ऑगस्ट, दुपारी १:२२

काकूंना साष्टांग नमस्कार.

पुणेरी_वकील · ३ ऑगस्ट, दुपारी ३:५०

काकूंना सांगा, मुलावर केस करायची काहीच गरज नाही. मागे बसलेली व्यक्ती गाडी चालवत नसते, त्यामुळे दोन गाड्यांची मिळून चूक असली तरी तिच्या दृष्टीनं ती संयुक्त चूक. २०१५ च्या खेन्येई निकालात सुप्रीम कोर्टानं सांगितलं की अशा वेळी जखमी माणूस दोघांपैकी कुणा एकाकडून पूर्ण भरपाई मागू शकतो, त्यांनी आपापसात काय ते बघून घ्यावं. तेव्हा लोडिंगचा ड्रायव्हर, मालक आणि त्याची विमा कंपनी हे तीन अनावेदक पुरेत. तुमचं काम साक्षीदाराचं.

लायसन्सचा मुद्दाही आता फारसा चालणार नाही. ६ नोव्हेंबर २०२४ ला सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींनी रंभादेवी प्रकरणात ठरवलं की साडेसात हजार किलोच्या आतल्या मालवाहू गाडीला एलएमव्ही लायसन्स चालतं, वेगळी नोंद लागत नाही. छोटा हाथी त्यात आरामात बसतो.

हेल्मेटचं म्हणाल तर नियम मोडला एवढ्यानं भरपाई कापत नाहीत. त्या मोडण्याचा अपघाताशी किंवा दुखापतीशी संबंध दाखवावा लागतो, २०२० मध्ये तिघे बसलेल्या मोटरसायकलच्या प्रकरणात हेच झालं. डोक्याला मार असता तर गोष्ट वेगळी. मनगटाला कोणी हेल्मेट घालत नाही.

महूकर · ३ ऑगस्ट, संध्याकाळी ६:०२

विषयांतर होतंय, पण राहवत नाही. मंडीच्या आसपास पहाटे उलट्या बाजूनं येणाऱ्या लोडिंग गाड्यांचं कोणी काही करत का नाही? आमच्या बाजूला गणेश घाटानं किती वर्षं माणसं खाल्ली. उतारावर ट्रकचे ब्रेक जायचे आणि पुढच्या चार गाड्या चेपायच्या. शेवटी वळणरस्ता बांधला तेव्हा कुठे जीवात जीव आला. घाटाला वळणरस्ता काढता येतो, उलट्या बाजूनं येणाऱ्या माणसाला काय काढणार?

रीडर_निवृत्त · ३ ऑगस्ट, रात्री ८:३०

आता मूळ प्रश्न: १८ टक्के म्हणजे काय.

२०१० सालच्या अखेरीस सुप्रीम कोर्टानं राजकुमार विरुद्ध अजयकुमार हा निकाल दिला. आमच्याकडे क्लेमच्या निम्म्या फायलींत त्याची झेरॉक्स सापडायची. त्यात म्हटलंय की डॉक्टरांचा टक्का हा शरीराचा टक्का आहे, कमाईचा नाही. डावा हात तुटलेल्या माणसाचं उदाहरण दिलंय: तो सुतार किंवा ड्रायव्हर असेल तर त्याची कमाई जवळपास पूर्णच गेली; सरकारी कारकून असेल तर कदाचित नोकरीला धक्काही लागणार नाही. म्हणून कोर्टानं आधी बघायचं की दुखापतीनंतर माणूस काय करू शकतो आणि काय नाही. मग त्याचा धंदा काय होता. मग कमाई किती घटली.

यात दुधारी गोष्ट आहे. सर्व्हेअर साहेब म्हणतात तसं हाताचे १८ म्हणजे पूर्ण शरीराचे कमी, हे बरोबरच आहे. पण तिथेच थांबायचं नसतं. डबेवालीचा उजवा हात हेच तिचं दुकान.

हिशेब असा घालतात. समजा महिन्याचं उत्पन्न १२,००० धरलं, वर्षाचे १,४४,०००. स्वतःचा धंदा असलेल्या ५० ते ६० वयाच्या माणसाला भविष्यातल्या वाढीचे १० टक्के मिळवतात (२०१७ चा प्रणय सेठी निकाल), झाले १,५८,४००. वय ५१ ते ५५ ला गुणक (वर्षाच्या रकमेला ज्यानं गुणायचं तो आकडा) ११ (२००९ चा सरला वर्मा). आले १७,४२,४००. आता याला टक्का लावा. ९ लावला तर १,५६,८१६. १८ लावला तर ३,१३,६३२. आणि कोर्टाला पटलं की कमाई ४० टक्के घटली, तर ६,९६,९६०. हात तोच, प्लेट तीच, स्क्रूही सातच.

शिवाय वेगळं: औषधोपचार, पुढचं प्लेट काढायचं ऑपरेशन, जाण्यायेण्याचा खर्च, पौष्टिक आहार, सांभाळायला ठेवलेली बाई, पडून होत्या त्या महिन्यांची बुडालेली कमाई, वेदना, आणि रोजचं जगणं अवघड झालं त्याचे. व्याज साधारण अर्जाच्या तारखेपासून मिळतं.

फिजिओ_बडोदा · ४ ऑगस्ट, सकाळी ८:४५

मी वडोदऱ्यात फिजिओथेरपिस्ट आहे. कोर्टाचं कळत नाही, हाताचं कळतं.

आईंना विचारा, तळहात वर करता येतो का? म्हणजे पूजेचं तीर्थ घेताना करतो तसा. या फ्रॅक्चरनंतर मनगट पुढेमागे बऱ्यापैकी हलतं पण गोल फिरवण्याची हालचाल अडते, आणि पकड कमी होते. कणीक तिंबायला तळव्याच्या मुळाशी वजन द्यावं लागतं. पुरणयंत्राचा दांडा, सोऱ्याचं फिरकीचं झाकण, पिळून निथळायचा चक्का, सगळं फिरवण्याचं आणि पिळण्याचं काम. चमचा उचलणं, सही करणं, फोन धरणं तिला जमेल. म्हणून पाहणाऱ्याला हात चांगलाच दिसतो.

पकडीची ताकद मोजायचं एक साधं यंत्र असतं, डायनमोमीटर. दोन्ही हातांचे आकडे किलोत येतात. ते फिजिओकडून लिहून घ्या आणि ऑपरेशन केलेल्या डॉक्टरांना दाखवा. 'हात ठीक आहे' आणि 'उजव्याची पकड डाव्याच्या निम्मीही नाही' यात फार फरक आहे.

आईचा_धाकटा · ४ ऑगस्ट, रात्री ९:३०

आत्ता विचारलं. आईनं तीर्थ घ्यायचा हात करून दाखवला. डावा सपाट होतो. उजवा अर्ध्यात अडतो आणि कोपर बाहेर जातं. इतके महिने मी हे बघितलंच नव्हतं. ती म्हणे देवळात डावा हात पुढे करायला नको म्हणून ती तीर्थच घेत नाही.

वकील ठरले. फी ठरावीक आहे. हॉस्पिटलात जो एक इसम कार्ड देऊन गेला होता तो तीस टक्के मागत होता.

पुणेरी_वकील · ४ ऑगस्ट, रात्री १०:१०

निकालातल्या रकमेचा वाटा फी म्हणून घेणं वकिलांना बार कौन्सिलच्या नियमांनीच मना आहे. तुम्ही बरं केलंत.

सर्व्हेअर_जुना · ५ ऑगस्ट, सकाळी १०:२०

त्या वहीबद्दल सांगा. आम्ही लोक वहीला हसतो, पण चांगल्या वहीला घाबरतो.

आईचा_धाकटा · ५ ऑगस्ट, रात्री ११:००

वही म्हणजे लाल कापडी बांधणीची जाड वही, दर वर्षी दिवाळीत नवीन. डाव्या पानावर डबे: मुलाचं नाव, किती दिवस आला, किती खाडे, किती दिले. उजव्या पानावर आईचा खर्च: गहू, तेल, सिलिंडर. पानांना पीठ आहे, एका ठिकाणी हळदीचा अख्खा अंगठा उमटलाय. २०११ पासूनच्या सगळ्या जपून ठेवल्यात, माळ्यावर. १६ फेब्रुवारीचं पान भरलेलं आहे: एकवीस डबे. १७ चं रिकामं. त्यानंतर मे महिन्यापासून माझ्या बायकोचं अक्षर आहे आणि डबे सहा.

२०२१ पासून मुलं पैसे फोनवरून टाकतात, ते आईच्या बँकेच्या खात्यात दिसतात. आणि एफएसएसएआयची (खाद्यपदार्थ विकण्यासाठीची सरकारी) नोंदणी आहे, मीच करून दिली होती.

सर्व्हेअर_जुना · ६ ऑगस्ट, सकाळी ९:०५

मग 'एक वही आहे फक्त' म्हणालात कशाला? वही जुन्या सालांसकट द्या, एकच दिली तर म्हणतील अपघातानंतर बसून लिहिली. बँकेचं स्टेटमेंट वहीच्या महिन्यांशी जुळवून दाखवा. डबा खाणारा एखादा मुलगा साक्षीला येईल का बघा. मूळ वह्या कोर्टात देण्याआधी पानन्‌पान फोटो काढून ठेवा.

आणि खर्च वजा करून जे उरतं तेच उत्पन्न सांगा. उगाच तीस हजार लिहिलंत तर खरे बाराही जातील.

रीडर_निवृत्त · ६ ऑगस्ट, सकाळी ९:४०

याला दुजोरा. फुगवलेला आकडा न्यायाधीशांना पहिल्या पानावर दिसतो. घरातल्या कामाचंही मोल धरतात हे मात्र वकिलांना आठवण करून द्या. घर सांभाळणाऱ्या बाईची कमाई शून्य धरायची नाही, असं सुप्रीम कोर्टानं एकदा नाही, अनेकदा सांगितलंय.

आईचा_धाकटा · ६ ऑगस्ट, रात्री १०:१५

एक अडचण राहिली. हॉस्पिटलचं बिल माझ्या कंपनीच्या मेडिक्लेममधून झालं, ९६ हजार. मूळ बिलं तिकडे गेली. आता क्लेममध्ये ती मागता येतात का? मला स्वतःलाच जरा लबाडी वाटते.

पुणेरी_वकील · ७ ऑगस्ट, सकाळी १०:३०

लबाडी कसली? हप्ता तुमच्या कंपनीनं भरला, लोडिंगवाल्यानं नाही. हायकोर्टांची मतं यावर वेगवेगळी होती. आमच्या मुंबई हायकोर्टाच्या पूर्णपीठानं मार्च २०२५ मध्ये मेडिक्लेमची रक्कम वजा करायची नाही असं ठरवलं. तो निकाल मध्य प्रदेशात बांधील नाही, पण तुमचे वकील तो दाखवू शकतात. मेडिक्लेमवाल्यांकडून बिलांच्या प्रमाणित प्रती मागवा. आणि मेडिक्लेम मिळाल्याचं लपवू मात्र नका.

महूकर · ७ ऑगस्ट, सकाळी ११:१२

वाचणाऱ्यांसाठी: ५ मे २०२५ पासून केंद्राची कॅशलेस योजना लागू झाली आहे. रस्त्यावरच्या अपघातात पहिल्या सात दिवसांत दीड लाखापर्यंत उपचार. धाकट्याच्या आईच्या वेळी नव्हती. आणि गाडीवाला पळून गेला, नंबरच नाही मिळाला, तरी गंभीर दुखापतीला ५० हजार आणि मृत्यूला २ लाख मिळतात, सरकारी योजनेतून. हे माहीत नसल्यानं आमच्या गल्लीत एकानं अर्जच केला नाही.

आईचा_धाकटा · १२ ऑगस्ट २०२५, संध्याकाळी ७:२०

अर्ज आज लागला. तीनच अनावेदक, मी त्यात नाही. आईनं वकिलांना तीनदा विचारून खात्री करून घेतली.

कोर्टातून येताना छप्पन दुकानला (आमची खाऊगल्ली) थांबलो. आईनं डाव्या हातानं पोहे खाल्ले, आणि पुढच्या वेळी डबा घेऊन जाऊ म्हणाली, इथे तेल फार घालतात.

शेवपरमल · १२ ऑगस्ट, संध्याकाळी ७:४०

छप्पनच्या पोह्यांना नावं ठेवणाऱ्याला इंदुरात जामीन मिळत नाही. काकू अपवाद.

आईचा_धाकटा · १४ डिसेंबर २०२५, रात्री ९:००

धागा वर काढतोय. काल लोक अदालत होती. कंपनीनं २ लाख १० हजार सांगितले, मग २ लाख ४० पर्यंत आले. कंपनीचे वकील सभ्य होते, पण कागदावर ९ टक्केच लावलेले. आई म्हणाली घेऊन टाकू, किती चकरा मारायच्या. मी गप्प बसलो, कारण स्कूटर मी चालवत होतो, हे अजून डोक्यातून जात नाही. शेवटी बायको म्हणाली, "आई, वह्या कोणी उघडून तरी बघितल्या का?" कोणीच बघितल्या नव्हत्या. मग नाही म्हटलं.

चूक केली का?

रीडर_निवृत्त · १५ डिसेंबर, सकाळी ६:५०

लोक अदालतीत मिटलं की मिटलं, त्यावर अपील नसतं. झटपट मिळतात हा फायदा खराच, आणि ज्याच्याकडे कागद नाहीत त्याला मी तडजोडच कर म्हणून सांगतो. तुमच्याकडे कागद आहेत. चूक केली असं मला वाटत नाही. पण आणखी वर्ष-दोन वर्षं लागू शकतात हे आईंना स्पष्ट सांगून ठेवा. आशेवर बसवू नका. निकालानंतर कंपनी हायकोर्टातही जाऊ शकते, तिला ९० दिवस असतात.

सर्व्हेअर_जुना · १५ डिसेंबर, दुपारी १२:३०

माझ्या टेबलावर ही फाईल आली असती तर मी साडेतीनपर्यंत गेलो असतो. २.४० कमीच आहे. माझ्या जुन्या सहकाऱ्यांनी हे वाचू नये.

आईचा_धाकटा · ११ मार्च २०२६, रात्री १०:३०

आज आईची साक्ष झाली. मुख्य जबाब शपथपत्रावर होता, उलटतपासणी चाळीस मिनिटं चालली. मी बाहेर होतो, माझी साक्ष व्हायची आहे म्हणून आत बसू दिलं नाही. बायको आत होती. तिनं सांगितलं तसं लिहितोय.

कंपनीच्या वकिलांनी विचारलं, चहा करता का? करते. कपात ओतता का? ओतते, डाव्या हातानं, गाळणं उजव्यात धरते. मग म्हणाले, नुकतीच होळी झाली, पुरणपोळ्या विकल्यात की नाही, खरं सांगा. आमच्या वकिलांचा चेहरा म्हणे पडला.

आई म्हणाली, "विकल्या. चाळीस. पुरणयंत्राचा दांडा मुलानं फिरवला, कणीक सुनेनं भिजवली, मी लाटल्या. दर दहा पोळ्यांनी हात शेकत होते. अपघाताच्या आदल्या वर्षीच्या होळीला किती होत्या ते वहीत आहे."

न्यायाधीशांनी २०२४ ची वही मागवून घेतली. मार्चचं पान उघडलं. तिनशे बारा पोळ्या, खाली नावांची यादी. त्यांनी पान जरा वेळ धरून ठेवलं, मग विचारलं की हा पिवळा डाग कसला. आई म्हणाली, पुरणाचाच असणार.

वही प्रदर्श, म्हणजे कोर्टातला पुरावा म्हणून लागली.

फिजिओ_बडोदा · ११ मार्च, रात्री १०:५०

लाटणं जमतं हे तिनं लपवलं नाही ते फार चांगलं झालं. लाटताना मनगट फिरत नाही, सरळ पुढेमागे जातं. डॉक्टरांच्या साक्षीत हाच फरक वकिलांनी विचारायला हवा. डायनमोमीटरचे आकडे फाईलला आहेत ना?

आईचा_धाकटा · ११ मार्च, रात्री ११:०५

आहेत. उजवा ९ किलो, डावा २१. पुढची पेशी (सुनावणीची तारीख) २४ एप्रिलला, ऑपरेशन केलेल्या डॉक्टरांची. मागच्या वेळी ते आले नव्हते.

रीडर_निवृत्त · १२ मार्च, सकाळी ६:४०

नुसतं सर्टिफिकेट लावून भागत नाही, डॉक्टर कटघऱ्यात यावे लागतात. समन्सचा तलवाना (बजावणीची फी) आजच भरा आणि ते दस्ती मागून घ्या, म्हणजे स्वतः नेऊन देता येतं. डॉक्टरांच्या ओपीडीची वेळ विचारून त्याप्रमाणे वकिलांकडून सकाळची वेळ मागवा. एक्स-रे आईंच्याच पिशवीत असू द्या, जाताना विसरतात.

आईचा_धाकटा · १२ मार्च, सकाळी ९:१५

तलवाना भरायला निघालोच आहे. एक्स-रे आईनं वहीतच घालून ठेवलेत.